छिन्नशंक्वाकार, बुडासकट

शंकूमामांच्या हातात तुम्ही काहीही द्या, ते आधी ती वस्तू पालथी करून बघायचे. चहा पिऊन झाला की पेला पालथा. गिऱ्हाइकानं आणलेली बादली पालथी. माझी नवी चप्पलसुद्धा त्यांनी पायातून काढायला लावून पालथी केली होती. मग बुडावर मधल्या बोटानं टिचकी मारायची, मान तिरकी करून आवाज ऐकायचा आणि मगच समोरच्याला "बोला" म्हणायचं. एकदा भर बाजारात एका बाईनं कौतुकानं आपलं तान्हं पोर त्यांच्या हातात दिलं. मामांनी त्यालाही वर उचलून खालून नीट बघितलं आणि म्हणाले, "माल पक्का हाय. गळतो मातुर." सगळा बाजार हसला. मामा मात्र गंभीर.

"तोंड काय, समदेच घासूनपुसून चकचकीत ठेवत्यात, भाऊसाहेब," ते मला सांगायचे. "वस्तू खोटं बोलत आसंल तर ती बुडाशी बोलती. मनून आधी बूड बघावं."

भाऊसाहेब म्हणजे मी. त्या वेळी माझं वय बावीस, मिशी नुकतीच जमू लागलेली, आणि सरकारी नोकरी अजून कायम व्हायची होती. पण आमच्या जिल्ह्यात कारकुनाला भाऊसाहेब आणि त्याच्या वरच्या अंमलदाराला रावसाहेब म्हणायची रीत आहे, त्यात वय कुणी विचारत नाही. मामा पंचेचाळिशीचे असतील. खर्ड्यात, किल्ल्याकडे जाणाऱ्या वाटेवर त्यांचं पत्र्याच्या कामाचं दुकान होतं. चाळण्या, नरसाळी, कंदिलाच्या टाक्या, धान्याच्या कोठ्या, सगळं ते करायचे. त्यांना तेव्हा अख्खं खर्डा डबेमामा म्हणून ओळखत होतं. त्यांचे शंकूमामा कसे झाले ती सगळी हकिकत एका शब्दाची आहे, आणि तो शब्द गावात आणण्याचं पाप माझं.

छप्पन साली मामांनी दीक्षा घेतली, गावकीची कामं आता करणार नाही असं चावडीवर उभं राहून सांगितलं आणि त्याच आठवड्यात मामींना घेऊन नगर गाठलं. तिथं कॅम्पाजवळच्या एका म्हाताऱ्या उस्तादाच्या हाताखाली ते पत्रा कापायला शिकले. अक्षरंही तिथंच शिकले, तेलाच्या रिकाम्या डब्यांवरची. तिशीत शिकलेला माणूस जसा वाचतो तसे ते वाचायचे. एकेका अक्षरावर बोट ठेवून, काही न गाळता आणि पदरचं काही न घालता. चार वर्षांनी परत येऊन त्यांनी दुकान टाकलं ते एका अटीवर. काम लिहून आणा. ज्याला लिहिता येत नाही त्याचं काम ते स्वतः पाटीवर लिहायचे, वाचून दाखवायचे आणि मग कात्री उचलायचे.

लोक हसत. दोन आण्यांची चाळणी आणि तिला लेखी हुकूम! पण मामा एकदा मला म्हणाले, "बोललेल्या शब्दानं आमाला लई नाचिवलं, भाऊसाहेब. सकाळी येक, सांजंला दुसराच. लिवलेला शब्द जागचा हालत न्हाई." आणि मग लगेच डोळे मिचकावून, "पत्र काय नि पत्रा काय, येकदा कापला की कापला."

ते साल बहात्तरचं. पाऊस नाही, विहिरी कोरड्या, आणि सगळी माणसं तलावाच्या कामावर माती उपसायला. आमचं दुष्काळी कामाचं ऑफिस शाळेच्या दोन खोल्यांत थाटलं होतं. कामावरच्या मजुरांच्या पोरांना रोज सुकडी द्यायची असं ठरलं. सुकडी म्हणजे भाजलेलं पीठ, गूळ आणि तेल घालून केलेलं कोरडं खाणं. ती मोजून द्यायला मापं हवी होती. आमचे साहेब जीपमधून उतरले, माझ्या टेबलावर एक चिठ्ठी टाकली आणि घाईघाईनं म्हणाले, "फ्रस्टम शेपची मापं, चाळीस. त्या डबेवाल्याला पत्र लिहा. आणि मराठीत लिहा, आता सगळं मराठीत." एवढं बोलून जीप गेली.

मराठीत! अहो, माझ्या अंगावर मूठभर मांस चढलं. मी मराठी घेऊन बी. ए. झालेला, खिशात परिभाषेचं पुस्तक बाळगणारा. फ्रस्टम म्हणजे शेंडा छाटलेला शंकू, पुस्तकात शब्द होता 'छिन्नशंकू'. त्याचं विशेषण मी स्वतः घडवलं. शंकू अधिक आकार, उकाराचा झाला व, म्हणजे छिन्नशंक्वाकार! मी तो शब्द तीनदा मोठ्यानं म्हटला. आमचे हेडक्लार्क नाना दाराशी तंबाखू मळत बसले होते. ते म्हणाले, "कुणाला शिव्या देतोस रे?"

पत्र असं होतं. 'छिन्नशंक्वाकार मापे, पत्र्याची, नग चाळीस. वरील व्यास चार इंच, खालील व्यास तीन इंच, उंची तीन इंच. धरावयास कान एक.' साहेबांच्या चिठ्ठीत पेन्सिलीनं छोटी आकृती होती आणि तिच्या खाली एक आडवी रेघ होती. ती रेघ म्हणजे बूड. मी ती बघितली, पण एवढ्या भारदस्त शब्दात बूड आपसूक आलं अशी माझी समजूत. आणि भूमितीच्या पुस्तकातल्या शंकूला ते असतंच. पत्र्याच्या शंकूला मात्र ते कुणीतरी घालावं लागतं, हे मला कुठं ठाऊक!

दुसऱ्या दिवशी मामा पत्र हातात धरून ऑफिसात हजर. डोळे लकाकत होते.

"भाऊसाहेब, शब्द लई तगडा हाय. जरा उलगडून सांगा. छिन्न म्हंजी तुटका का?"

"तुटका नव्हे हो, छाटलेला," मी मास्तरी थाटात म्हणालो.

मामांनी खिशातून आपली लोखंडी छिन्नी काढली आणि टेबलावर ठेवली. "म्हंजी छिन्नीतला छिन्न!"

कोश चाळून जो अर्थ मी मिळवला होता तो त्यांच्या खिशात होता.

"आनि शंकू?"

"खळ्यावर धान्याची रास पडते बघा. वर टोक, खाली घेर. तो शंकू."

"आन् राशीचा शेंडा छिन्नीनं उडीवला की छिन्नशंकू. आकार तसा मनून छिन्नशंकूआकार."

"शंकूआकार नाही, शंक्वाकार. तिथं संधी आहे."

मामांनी शब्दावर बोट फिरवलं, जणू जोड चाचपत होते. मग एकदम मांडीवर थाप मारली. "सांधा! सांधा हाय, पर दिसत न्हाई. कथलाचा डाग देऊन वरनं घासून काढलाय. वा, भाऊसाहेब, काम सफाईचं हाय तुमचं!"

संधी या प्रकरणाचं याच्याइतकं चांगलं वर्णन मी कॉलेजात ऐकलं नव्हतं. मी फुगलो. आणि फुगलेला माणूस करतो तेच मी केलं. मामांनी विचारलं, "आजून काय घालायचं का त्येच्यात?" तर मी मान वर न करता म्हणालो, "जेवढं लिहिलंय तेवढंच करा. काना-मात्रेचा फरक नको."

"झ्याक!" मामा म्हणाले. "आसा कागद पायजे."

चार दिवसांनी दुपारी चाळीस मापं आली. मामा ती शाळेच्या व्हरांड्यात ओळीनं मांडून, पोच घेऊन, निघूनही गेले. काय सुंदर काम होतं! सगळी एका विणीची, कडा दुमडून गुळगुळीत केलेल्या, कान नाजूक आणि पक्के. नानांनी कौतुकानं एक माप उचललं, मांडीवर घेतलं आणि पोत्यातली सुकडी त्यात ओतली. सगळी सुकडी त्यांच्या धोतरात. नानांनी मापातून पलीकडं बघितलं. पलीकडं मी होतो.

एकाही मापाला बूड नव्हतं! चाळीसच्या चाळीस, वर उघडी आणि खाली उघडी.

नाना आधी हसले आणि मग त्यांचा आवाज खाली आला. उद्या सकाळी साहेब येणार होते, पोरांना सुकडी वाटायचा पहिला दिवस होता. माझी नोकरी कायम व्हायला दोन महिने उरले होते. संगमनेरला माझी आई आणि दोन धाकट्या बहिणी माझ्या पगारावर होत्या, हे नानांना माहीत होतं. "हे बघ," ते म्हणाले, "ऑफिसच्या प्रतीत 'छिन्न' का काय त्याच्यापुढं जागा आहे. 'बुडासह' एवढा एक शब्द टंकयंत्रावर मारून टाक. त्याच्याकडचा कागद मागून आण आणि त्यातही मार. मग चूक त्याची. त्या डबेवाल्याचं कोण ऐकतंय?"

नाना वाईट माणूस नव्हते. त्यांनी मला वाचवायला सांगितलं आणि मीही वाचायलाच निघालो. खोटं कशाला सांगू?

दिवेलागणीला मी दुकानात पोचलो. मामांनी माझं पत्र ठेवायला पत्र्याची एक खास नळी केली होती, झाकणासकट. "मामा, तो कागद जरा हवा होता. तपासायला," मी म्हणालो. मामी चुलीपुढून उठून दारात आल्या आणि नवऱ्याकडं बघून म्हणाल्या, "कागद नगा दिऊ."

मामांनी माझ्याकडं बघितलं. बराच वेळ बघितलं. मग नळीतून कागद काढून माझ्या हातात दिला. "आगं, त्येंचाच हाय. त्येंनीच लिवलाय." आणि मला म्हणाले, "सकाळी आनून द्या म्हंजी झालं."

ऑफिसात येऊन मी कागद यंत्रावर चढवला. 'छिन्नशंक्वाकार' या शब्दापुढं खरंच जागा होती, अगदी एका शब्दापुरती. मी बोट अक्षरावर ठेवलं. आणि तिथं मला मामांचं बोट आठवलं, एकेका अक्षरावरून सावकाश फिरणारं. 'लिवलेला शब्द जागचा हालत न्हाई' असं मानणारा एवढा एकच माणूस मला भेटला होता, आणि त्याचा शब्द हलवायला मीच बसलो होतो. मला स्वतःची इतकी लाज वाटली की मी कागद काढला आणि खिशात घातला. पण शूर झालो असं समजू नका. खोडाखोड केली नाही, एवढंच. उद्या तोंड उघडेन असं मनाशी कबूल केलं नव्हतं.

सकाळी व्हरांड्यासमोर ही गर्दी! ताटल्या, परातीचे तुकडे, झाकणं, काय हाताला येईल ते घेऊन पोरं रांगेत उभी. मामाही सदरा बदलून आले होते. आपल्या मालाचं उद्घाटन बघायला! साहेबांनी माप उचललं, सुकडी घेतली आणि त्यांच्या बुटांवर तपकिरी रास पडली.

"हे काय आहे? या कामाला शेंडा ना बुडखा!" साहेब कडाडले.

मामा पुढं झाले. "रावसाहेब, शेंडा छाटायचा लिवलं हुतं, मनून छाटला. बुडखा लिवलाच न्हवता."

"माप म्हटलं की बूड असतं, एवढी अक्कल नाही?"

"हाय की. पर तुमच्या कामावर खडी मोजायची ती लाकडी चौकट हाय, तिला कुटं बूड हाय? भुईवर ठिवायची, भरायची, उचलायची. मला वाटलं, हे बी तसंच."

आता साहेबांना राग आवरेना. "मला बिनबुडाचं काही सांगू नकोस! पत्रात लिहिलेलं असणारच." आणि ते माझ्याकडं वळले. "काय हो, पत्रात बूड होतं की नव्हतं?"

नाना माझ्याकडं बघत होते. मामा माझ्याकडं बघत नव्हते, ते आपल्या मापांकडं बघत होते. आईचा चेहरा डोळ्यांपुढं आला. आणि तरी तोंडातून शब्द निघाले ते असे.

"नव्हतं, साहेब. मी लिहिलंच नाही. हे विचारायलाही आले होते. मीच म्हणालो, जेवढं लिहिलंय तेवढंच करा."

दोन्ही कागद मी साहेबांच्या हातात दिले. साहेब वाचू लागले. "छिन्न... छिन्नशं... शंका... शंकवा..." गर्दी श्वास रोखून ऐकतेय आणि साहेबांची जीभ काही केल्या पुढं सरकेना. तेव्हा मामा आदबीनं वाकून म्हणाले, "शंक्वाकार, रावसाहेब. आत सांधा हाय, दिसत न्हाई."

आधी नाना फुटले, मग मुकादम, आणि मग शपथेवर सांगतो, साहेबसुद्धा! हसू ओसरायच्या आत मामांनी रांगेतल्या पहिल्या पोरीची ताटली घेतली, भुईवर ठेवली, तिच्यात माप पालथं ठेवलं, काठोकाठ सुकडी भरली, तळव्यानं दाबली आणि हलक्या हातानं माप वर उचललं. ताटलीत सुकडीचा एक नेटका, छाटल्या शेंड्याचा ढीग उभा! पोरगी ओरडली, "किल्ल्याचा बुरूज!" झालं! "मला बुरूज! मला बुरूज!" रांग मोडली, पोरं नाचायला लागली, मुकादमाच्या हातातली शिट्टी कुणी ऐकेना. अर्ध्या तासात त्या अंगणात शे-दीडशे बुरूज उभे राहिले आणि पोटांत गेले. भूमितीचा तास असा झालेला मी पुन्हा बघितला नाही.

मला लेखी ताकीद मिळाली आणि नोकरी कायम व्हायची सहा महिने लांबली. आईला मी कारण कळवलं नाही. मामांना साहेबांनी बुडं घालायला सांगितलं, कारण काही बाया ताटलीऐवजी फडकं आणत, आणि फडक्यात बुरूज उभा राहत नाही. मामा म्हणाले, "घालतो. पर लिवून द्या." तो दुसरा कागद मी लिहिला. 'छिन्नशंक्वाकार मापे, बुडासकट.' मामांनी बोट ठेवून वाचला आणि कागदसुद्धा पालथा करून बघितला. मग माझा पहिला कागद मागून घेतला आणि नळीत ठेवून दिला.

त्या दिवसापासून त्यांना त्या शब्दाचं वेडच लागलं! भर दुपारी काम टाकून ते ऑफिसच्या खिडकीशी यायचे. "भाऊसाहेब, घमेलं! घमेलं छिन्नशंक्वाकार हाय, पर उलटं!" दुसऱ्या दिवशी गुळाची ढेप. तिसऱ्या दिवशी देवळापुढचं तुळशीचं कुंड. तलावाच्या खड्ड्यात माती किती निघाली ते कळावं म्हणून मध्ये न खणता ठेवलेले मातीचे खुंट असतात, त्यांच्याभोवती तर ते प्रदक्षिणा घालून आले. नरसाळ्यावर आमचा तासभर वाद झाला. मी म्हटलं तेही त्यातलंच. मामा म्हणाले, "न्हाई. त्यो दोन छिन्नशंकूंचा संसार हाय. वरचा मोटा, खालचा बारका, मदी सांधा." आणि मोदक? "मोदकाला शेंडा हाय, त्यो नुसता शंकू. शेंडा तुमी दातानं उडीवला की छिन्न."

एका रविवारी ते मला ओढत किल्ल्यावर घेऊन गेले. बुरुजाला हात लावून म्हणाले, "बगा, खाली रुंद, वर निमुळता, आन् वरनं सपाट. ह्यो येवढा मोटा छिन्नशंक्वाकार आमच्या गावात हुता आन् आमाला नाव ठावं न्हवतं!" त्यांच्या आवाजात जो आनंद होता तो मी विसरू शकत नाही. नाव कळलं की वस्तू आपली होते, हे मी पुस्तकात वाचलं होतं. होताना बघितलं ते तिथं. मग त्यांनी वाकून बुरुजाचा पायाही तपासला, हे सांगायला नकोच.

मामी मात्र वैतागल्या. "ह्येंचं समदंच छिन्न झालंय, भाऊसाहेब. काल भाकरीच्या पिठाचा उंडा बगून बी तेच." बाजारात कुणालाच तो अख्खा शब्द म्हणता येईना, म्हणून लोकांनी तो मधोमध छाटला आणि डबेमामांचे शंकूमामा झाले. दुकानावर त्यांनी स्वतः रंगवलेली पाटी लागली. 'येथे छिन्नशंक्वाकार माल बुडासकट व बुडाशिवाय करून मिळेल.' नगरहून आलेला एक प्राध्यापक ती वाचून दुकानापुढं पाच मिनिटं थिजून उभा राहिला होता.

पाऊस झाला, कामं बंद पडली, आणि माझी बदली नगरला झाली. निघताना मामांनी मला एक माप दिलं. ते चाळिसावं होतं, बूड न घातलेलं. "येक तसंच ठिवलं हुतं," ते म्हणाले. "ह्याला बूड तुमी घाला." मला वाटलं, थट्टा करताहेत. एस. टी. सुटली तेव्हा त्यांनी हात हलवला नाही, त्यांनी वाकून गाडीच्या खाली बघितलं.

ते माप पुढं सगळ्या नोकरीभर माझ्या टेबलावर होतं. त्यात पेनं ठेवायचो. टेबलावर आहे तोवर पेनं उभी राहायची, कुणी नव्या माणसानं माप उचललं की सगळी खाली. मग मी त्याला ही गोष्ट सांगायचो. माझ्या हाताखालचे कारकून मसुदा घेऊन आले की मी तो वाचायच्या आधी विचारायचो, "बूड कुठंय?" म्हणजे या कागदावर जो माणूस विसंबणार त्याच्या पायाखाली काय आहे? माझ्या पाठीमागं मला काय म्हणत असतील ते मला माहीत आहे. पण बिनबुडाचं पत्र मी पुन्हा कुणाला पाठवलं नाही.

मामा गेल्याचं मला महिन्यानं कळलं. मी खर्ड्याला गेलो. दुकान बंद होतं, पाटी तेवढी होती, शब्दातला अनुस्वार उन्हानं उडालेला. मामींनी चहा दिला. मी पेला रिकामा करून पालथा ठेवला, आपोआपच. ते बघून त्या उठल्या आणि आतून ती पत्र्याची नळी घेऊन आल्या.

"तुमचा कागद. तुमालाच द्या म्हनले हुते."

मी म्हणालो, "मामी, त्या सांजेला तुम्ही नको म्हणत होता, तरी त्यांनी कागद दिला. त्यांना काहीच शंका आली नाही?"

मामींनी पदरानं डोळे पुसले. "आली की. तुमी कशाला आल्ता ते त्येंना समदं ठावं हुतं. तुमी गेल्यावर मी लई भांडले, की हातचा कागद दिला, आता बसा बोंबलत. तर म्हनले, आगं, पोरगं चांगलं दिसतंय, पर आजून पालथं करून कुटं बगितलंय."

मी नळीचं झाकण काढलं. कागद पिवळा पडला होता. तोच शब्द, तीच ऐट, खाली माझी बाविसाव्या वर्षातली सही. सगळं होतं तसंच होतं, जागचं हललेलं नव्हतं. मग मी मामा करायचे तेच केलं. कागद पालथा केला. मागच्या बाजूला, ते पत्र्यावर खुणा करायचे त्या लाल पेन्सिलीनं, एकेक अक्षर सुटं काढून लिहिलं होतं.

'नग एक. तपासला. बूड हाय.'